सोळाला पेढे, सतराला उपास

पत्र : आबा (वय 75) 1971च्या युद्धात शकरगड भागात शिपाई होते. यंदा 16 डिसेंबरला गाव त्यांचा सत्कार करणार होतं, त्यांनी साफ नकार दिला. दरवर्षी 17 ला ते जेवत नाहीत, रात्री आठपर्यंत ओटीवर बसून असतात. ‘लोक काय म्हणतील?’ असं मी चिडून बोलले, तेव्हापासून अबोला आहे. हल्ली रात्री दचकून उठतातही. काय करू?
– एक मुलगी, हर्णै

ताई, जरा घड्याळ बघा. ढाक्यात पाकिस्तानच्या शरणागतीची सही झाली 16 च्या दुपारी. पश्चिम सीमेवर बंदुका थांबल्या 17 ला रात्री आठ वाजता. मधल्या वेळात देश पेढे वाटत होता आणि आबांच्या त्या शकरगड भागात, बसंतर नदीकाठी, जवान खंदकातच होते. 17 लाही तिथे हल्ला झाला. मेजर होशियार सिंग बरेच जखमी होऊनही युद्धबंदीपर्यंत मागे हलले नाहीत. त्यांना परमवीरचक्र मिळालं, नाव पुस्तकात आलं. शिपायांची नावं ज्याच्या त्याच्या घरात राहिली.

माझे मामाही फौजेत होते. ते म्हणायचे, लढाई चालू असते तोवर माणूस मरणाचा विचार करत नाही. उद्या संपणार असं कळलं की घर दिसायला लागतं, आणि मग भीती वाटते. त्या शेवटच्या दिवशी आबांच्या शेजारचं कोणी गेलं असावं. हा माझा अंदाज, चुकेनही.

माफीबिफी मागू नका. त्या पिढीला ती घेता येत नाही. 17 च्या संध्याकाळी दोन कप चहा घेऊन ओटीवर बसा. ‘युद्धात काय झालं?’ हा प्रश्न नको. ‘तुमच्याबरोबर कोण होतं? गाव कुठलं त्याचं?’ एवढंच विचारा. बोलले तर ऐका, नाही बोलले तरी उठू नका. आठ वाजले की पानं घ्या.

दचकून उठण्याचं तुम्ही शेवटी ओझरतं लिहिलंय, पण ते अंगावर काढू नका. माजी सैनिकांच्या दवाखान्याचं कार्ड असेल तर तिथे दाखवा. तोवर 14416 वर फोन करा. टेलिमानस ही मनाच्या आजारांसाठीची सरकारी फोनसेवा, ती मोफत आहे.

आणि सरपंचांना सांगा, आबा येणार नाहीत, शाल-श्रीफळ घरी पाठवा. शाल राहील ट्रंकेत. नारळ आमटीला होईल.