चाल गेली कुठे?

प्रश्न : नातवानं फोनवर ‘बॉडी अँड सोल’ हे गाणं दोन तऱ्हांनी ऐकवलं. एक टोनी बेनेट आणि एमी वाइनहाऊसनं गायलेलं, दुसरं कोलमन हॉकिन्सचं, सॅक्सोफोनवरचं. पहिल्यातली चाल दुसऱ्यात काही केल्या सापडेना. पन्नास वर्षं पेटी वाजवतोय, कान अजून शाबूत आहेत. गाणं खरंच एकच आहे का?
– एक वाचक, मिरज

उत्तर : कान शाबूत आहेत म्हणूनच तर चुकल्यासारखं वाटलं! मी हॉकिन्सची ही तबकडी पहिल्यांदा ऐकली तेव्हा चुकून मागची बाजू लावली की काय, म्हणून उचलून लेबल वाचलं होतं.

गाणं एकच. जॉनी ग्रीनची १९३० सालची चाल. हॉकिन्स पाच वर्षं युरोपात वाजवून १९३९ साली अमेरिकेत परतला आणि ११ ऑक्टोबरला न्यूयॉर्कमध्ये त्यानं हे रेकॉर्ड केलं. पियानो वाट करून देतो, सुरुवातीला चालीची जेमतेम ओळख पटते आणि मग सगळं त्याचं स्वतःचं. दोन फेरे, तीन मिनिटं, संपलं. तबकडीच्या एका बाजूत तेवढंच मावायचं.

मग शिल्लक काय राहिलं? कॉर्डचा, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरांच्या जुड्यांचा क्रम. तो बत्तीस बारचा (इथे एक बार म्हणजे चार मात्रा) असतो आणि आवर्तनासारखा फिरून फिरून येतो. (आवर्तनाची उपमा थोडी लंगडी आहे. इथे तालाबरोबर खालची स्वरसंगतीही फिरते.) एका फेऱ्याला जॅझवाले कोरस म्हणतात. त्यात आठ-आठ बारचे चार तुकडे. पहिला, दुसरा आणि चौथा जवळजवळ सारखे. गंमत तिसऱ्यात आहे, त्याला ब्रिज म्हणतात.

पेटी घ्या. हॉकिन्सची पट्टी काळी एक. जुनी रेकॉर्ड आहे, सूर किंचित इकडेतिकडे लागला तर चालवून घ्या. काळी एकचे सा-प दाबून धरा आणि फोनवर हॉकिन्स लावा. सुरुवातीला मधेच कुठे खटका लागेल, पण दोन तुकडे निभतील. तिसरा सुरू झाला की पंचम नकोसा होईल, कारण षड्जच उठून पांढरी दोनवर गेलेला असतो! तिथून तो पांढरी एकवर उतरतो आणि मग अर्ध्या-अर्ध्या स्वरानं घसरत घरी येतो. ही जागा एकदा सापडली की चाल नसली तरी गाणं हरवत नाही.

चाल हवी असेल तर आधी गायिका बिली हॉलिडेचं १९४० सालचं ऐका. शब्द ठोक्याच्या किंचित मागे ठेवते, पण चालीचा हात सोडत नाही. सॅक्सोफोनवादक जॉन कोल्ट्रेनचं १९६० सालचं मात्र इतक्यात नको, तिथे खालची कॉर्डची जमीनही वेगळी घातलीय. तुम्ही ऐकलेलं बेनेट-वाइनहाऊसचं मार्च २०११ मधलं, लंडनच्या अॅबी रोड स्टुडिओतलं. तो चौऱ्याऐंशीचा, ती सत्तावीसची. जुलैत ती गेली. मला ते ऐकताना अजून जड जातं.

आणि नातवाला एक काम सांगा, एडी जेफरसन शोध म्हणावं. या माणसानं हॉकिन्सच्या त्या वाजवण्यावरच शब्द बसवले आणि ते गायले. तुम्हाला सापडली नाही ती चाल, त्याला तिथे दुसरीच सापडली!