काळाच्या खाणीत हजेरी कोणत्या घड्याळावर?

प्रिय मित्रा,

अनेक आशीर्वाद.

तुझ्या कादंबरीची पानं दोनदा वाचली. दुसऱ्या वेळी पेन्सिल हातात घेऊन बसले होते, तरी पहिल्या प्रकरणावर एकही खूण करावीशी वाटली नाही. डोंगराच्या पोटातून गोठलेला काळ खणून काढणारं राज्य आणि त्या काळावर तरुण राहणारा दरबार, हे मला पटलं. खटकली ती खाण. तिच्यात निळा उजेड आहे, पण पाणी नाही, धूळ नाही, छताला टेकू नाहीत आणि एकाही माणसाला धाप लागत नाही.

खाण म्हटली की आधी पाणी. खोल गेलं की ते झिरपणारच, आणि उपसलं नाही तर खाण बुडणारच. न्यूकोमेनचं वाफेचं इंजिन 1712 मध्ये सुरू झालं ते खाणीतलं पाणी उपसायला. रुळांवरून गाडी ओढणारं इंजिन यायला पुढं जवळजवळ शंभर वर्षं गेली. तुझ्या खाणीत पाण्याच्या जागी काय झिरपतं? मला विचारशील तर सुटा काळच. तो भिंतींतून गळत असेल तर उपसून बाहेर टाकावा लागेल, आणि टाकलेला काळ कुठंतरी साचेल. डोंगराच्या उताराला जे गाव असेल, तिथली झाडं अवेळी फळतील, तिथल्या विहिरीचं पाणी पिणारी गुरं लवकर म्हातारी होतील. त्या गावावर तू एक ओळही लिहिलेली नाहीस.

मग हवा. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो, म्हणून ब्रिटनच्या कोळसा खाणींत कॅनरी पक्षी नेत. माणसाआधी पक्षी कोलमडे, तोच इशारा. ही पद्धत 1986 पर्यंत चालू होती. तुझे कामगार काय नेतील? मी असते तर टेकूला ओल्या फडक्यात बी बांधून टांगलं असतं. बघता बघता मोड आले की हातातली पहार टाकून पळायचं. वाचकाला काहीच समजावून सांगावं लागणार नाही.

नावाबद्दल थोडं. गोठलेल्या काळाला तू दिलेलं 'क्रोनियम' हे प्रयोगशाळेत बसणाऱ्याचं नाव झालं, घमेलं उचलणाऱ्याचं नव्हे. आपल्या भाषेत पळ आहे, घटका आहे, प्रहर आहे. पळ म्हणजे 24 सेकंद, घटका म्हणजे 24 मिनिटं, प्रहर म्हणजे तीन तास. अंगावर बसणाऱ्या धुळीला कामगार 'पळ' म्हणतील, मुठीएवढ्या ढेकळाला 'घटका'. शिवाय आपल्याकडं काळ आणि वेळ हे दोन वेगळे शब्द आहेत, आणि काळ म्हणजे मृत्यूही. 'काळ आला होता, पण वेळ आली नव्हती' हे आपण सहज बोलून जातो. तुझ्या खाणीत एखाद्या अपघाताची नोंद नेमकी याच शब्दांत झालेली असेल. इतकी मोठी ठेव भाषेनं हातात दिलेली असताना उसनं नाव कशाला घ्यायचं?

आता दरबाराकडं येते. 1920च्या दशकात अमेरिकेत तरुण मुली घड्याळांच्या तबकड्यांवर रेडियमचा रंग भरत. अंधारात आकडे दिसावेत म्हणून. रेघ बारीक यावी म्हणून कुंचल्याचं टोक ओठांत धरून टोकदार करायला त्यांना शिकवलं होतं. रेडियम शरीरात गेलं की कॅल्शियमसारखं हाडांत जाऊन बसतं. त्यांचे जबडे सडले, हाडं मोडली, कित्येक जणी गेल्या. पाच जणी कोर्टात गेल्या आणि 1928 मध्ये तडजोड झाली, तोवर त्यांच्यातल्या काही जणींना धड चालताही येत नव्हतं. लोकांना रात्री वेळ कळावी म्हणून. हे वाचलं तेव्हा मी फार दिवस अस्वस्थ होते, आणि तुझी पानं वाचताना पुन्हा तेच आठवलं. तुझ्या राणीच्या गळ्यातल्या काळाच्या मण्याला पैलू कोण पाडतं? ते पाडणारीच्या बोटांचं वय किती?

शेवटची गोष्ट, आणि माझ्या मते सगळ्यांत मोठी. खाली काळ संथ चालतो, असं तू ओझरतं लिहून पुढं गेला आहेस. ही निव्वळ कल्पना नाही. गुरुत्वाकर्षणामुळं खोलवरचं घड्याळ खरोखरच मागं पडतं. चार किलोमीटर खोलीवर वर्षाकाठी सेकंदाचे साधारण 14 दशलक्षांश भाग, म्हणजे कुणाच्या लक्षातही न येण्याजोगे. तुझ्या जगात मात्र तोच फरक भरपूर वाढलेला आहे. कामगार एक पाळी करून वर येतो तेव्हा घरी तीन दिवस उलटलेले असतात. मग मुकादम हजेरी कोणत्या घड्याळावर मांडतो? खालच्या घड्याळावर मांडली तर मजुरी एका पाळीची, आणि घरात चूल तीन दिवसांची. बायको भराभर म्हातारी होते, तो तसाच राहतो. दरबाराला हवं असलेलं तारुण्य त्याला फुकट मिळतं आणि त्याला ते नको असतं. तुझ्या कादंबरीतलं बंड राजपुत्राच्या भाषणानं पेटतं. मला वाटतं, ते हजेरीच्या वहीवरून पेटेल.

ब्रिटनमध्ये 1842 च्या कायद्यानं दहा वर्षांखालच्या मुलग्यांना आणि सगळ्या स्त्रियांना खाणीत उतरायला बंदी झाली. त्याआधी अगदी लहान मुलं अंधारात तासन् तास दाराशी बसत. कोळशाची गाडी आली की दोरी ओढून दार उघडायचं, गेली की सोडायचं, हवेचा रोख सांभाळायचा. तुझ्या खाणीतही असं एक दार असणार, दोन काळांच्या मधलं. त्याच्याशी बसलेल्या मुलाचा एक हात अलीकडच्या काळात असेल, एक पलीकडच्या. ते मूल मला दिसलं आणि पुढं वाचवेना.

राजपुत्राचं भाषण तूर्त बाजूला ठेव. आधी दोन पानं लिही: पाळी सुटली आहे, रांग लागली आहे, मुकादमानं वही उघडली आहे, आणि एका बाईनं तिच्या माणसाला ओळखलं आहे, पण त्यानं तिला अजून ओळखलेलं नाही. झाली की मला पाठव, मी वाट बघते आहे.

तुझी,
जुनी वाचक