पहिली हळद कुणाची?

प्रश्न : बाबांना जाऊन तीन वर्षं झाली. माझ्या लग्नात पहिली हळद आईनं लावावी, असं मला वाटतं. आत्या म्हणते, मान सवाशिणीचाच. आई मुकाट्यानं मागे सरते. काय करू?

उत्तर : पोरी, आईलाच पुढे बोलाव. आत्याला आधी एकटीला गाठून समजाव. भाऊ तिचाही गेलाय. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडनं मे २०२२ मध्ये ग्रामसभेत ठराव करून विधवा प्रथा बंद केल्या. पाठोपाठ राज्य सरकारनंही तसं परिपत्रक काढलं. माझ्या हळदीला माझी आई स्वयंपाकघराच्या दाराआड उभी होती, पदराचं टोक बोटाला गुंडाळत. मी हाक मारली नाही. ते अजून सलतं. हळदीची वाटी तू स्वतः आईच्या हातात दे.