‘तुझा चेहरा कॅरेक्टरचा आहे’

प्रश्न : मी नाशिक जिल्ह्यात एस.वाय.बी.ए.ला आहे. घरी आम्ही अहिराणी बोलतो. अकरावीपासून एकांकिका करते, पण वाट्याला येते ती आजी, सासू नाहीतर शेजारीण. यंदा म्हातारीच्या भूमिकेसाठी अभिनयाचं प्रशस्तिपत्र मिळालं. त्याच दिवशी आमचा दिग्दर्शक दादा म्हणाला, “तुझा चेहरा कॅरेक्टरचा आहे, हिरोइनचा नाही.” बाबा म्हणतात, मग त्या नादी लागूच नकोस, बी.एड. कर. मॅडम, हिरोइन होता येणार नसेल तर या क्षेत्रात यावं का?

उत्तर : प्रशस्तिपत्राबद्दल तू एकच ओळ लिहिलीस आणि प्रश्न मात्र दादाच्या वाक्यावरून विचारलास. म्हणून आधी तुझ्याच जिल्ह्यातल्या एका बाईंबद्दल सांगते.

ललिता पवार मूळच्या येवल्याच्या, जन्म 1916चा. मूकपटाच्या काळात लहानपणीच कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, पुढे नायिका झाल्या, निर्मितीतही उतरल्या. 1942 साली एका चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड खरोखरच जोरात बसली. चेहऱ्याची नस दुखावली, एक बाजू लुळी पडली. बरेच दिवस उपचार झाले, तरी डावा डोळा बारीक राहिला तो कायमचाच. वय अवघं 26, आणि नायिकेच्या भूमिका संपल्या.

दोनच वर्षांनी, 1944 साली, प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई म्हणून आल्या. पण तुला खरं बघायला सांगते ते 1955 हे एकच वर्ष. ‘मिस्टर अँड मिसेस 55’मध्ये मधुबालाला धाकात ठेवणारी श्रीमंत सीतादेवी त्यांनी केली, आणि ‘श्री 420’मध्ये रस्त्यावर केळी विकणारी गंगामाई. दोन्ही चित्रपट मिळव, दोन्हीकडचे त्यांचे प्रसंग आवाज बंद करून बघ. सीतादेवीचा तो बारीक डोळा समोरच्यावर सतत संशय घेतोय असं वाटतं. गंगामाईच्या चेहऱ्यावर तोच डोळा हसून हसून मिटल्यासारखा दिसतो. डोळा तोच, पण मान, खांदे, चाल सगळं वेगळं. तेव्हा त्या 39 वर्षांच्या होत्या आणि ज्याची ‘माई’ झाल्या तो राज कपूर त्यांच्यापेक्षा जेमतेम आठ वर्षांनी लहान! 1959च्या ‘अनाडी’तल्या मिसेस डिसासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला.

आणि 1987 साली, सत्तरी ओलांडल्यावर, दूरदर्शनच्या ‘रामायण’मधली मंथरा. रविवारी सकाळी आमच्या घरात तीस-चाळीस माणसं जमायची. मंथरा कैकेयीचे कान भरायला लागली की आजी टीव्हीकडे बघून बोटं मोडायची. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट, टीव्ही. नायिकांच्या किती पिढ्या मधे आल्या आणि गेल्या, ही बाई काम करतच होती.

दादाने तुला कमी लेखलं असेल किंवा नसेलही. कॅरेक्टरचा चेहरा म्हणजे ज्याला बघून लोकांना आपल्या घरातलं, गल्लीतलं माणूस आठवतं तो चेहरा. नायिका होता आलं नाही म्हणून हे काम करायचं, अशा मनाने मात्र येऊ नकोस. ती खंत पडद्यावर दिसते.

आता पैशाचं बोलू, कारण बाबांची काळजी तिथे आहे आणि ती रास्त आहे. हे काम दिवसावर चालतं. महिन्यात वीस दिवस मिळतील, मग तीन महिने फोनही वाजणार नाही. मालिकेत केलेल्या कामाचे पैसे अनेकदा 90 दिवसांनी हातात पडतात, आणि तोवर मुंबईतलं खोलीचं भाडं थांबत नाही. ए. के. हंगल यांनी शिवणकामावर पोट भरलं, इप्टा या नाट्यसंस्थेची नाटकं केली आणि पन्नाशीच्या आसपास चित्रपटात आले. ‘शोले’तले रहीमचाचा तेच. एवढं नाव असूनही म्हातारपणी त्यांच्या औषधोपचाराला पैसे कमी पडले आणि सिनेमातल्या लोकांना मदतीला धावावं लागलं. निळू फुले तर चित्रपटात येण्याआधी पुण्यात माळीकाम करत होते.

म्हणून बी.एड.ला शत्रू मानू नकोस. पदवी तर पूर्ण करच, राष्ट्रीय नाट्य विद्यालयातही पदवी आणि नाटकांचा अनुभव मागतात. पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र तुला जवळ आहे, तिथे जाऊन चौकशी कर, शिकणाऱ्या मुलांशी बोल. तोवर राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या एखाद्या हौशी संस्थेत शीर. तिथे आधी कपडेपट सांभाळायला लावतील, तेही मनापासून कर. ऑडिशनसाठी किंवा पोर्टफोलिओच्या नावाखाली कुणी पैसे मागितले तर तिथून सरळ उठून ये.

अहिराणीचा उल्लेख तू पत्रात असा केलायस, जणू ती लपवायची गोष्ट आहे. अगं, ती तुझी शिदोरी आहे! प्रमाण मराठी स्वच्छ कर, हिंदी पक्की कर, पण घरची बोली पुसून टाकू नकोस. बोलीतलं माणूस उभं करायचं तर त्या बोलीचा हेल अंगात असावा लागतो. शिकून येणाऱ्याला तो फार उशिरा सापडतो.

एकाच साच्यात अडकण्याची भीती खरी आहे. ललिताबाईंनाही खाष्ट सासूचा शिक्का चुकला नाही. म्हणून पुढच्या एकांकिकेत म्हातारी आली तर ती मागच्या म्हातारीसारखी करू नकोस. तुझी आजी जमिनीवरून उठताना आधी कुठला हात टेकते? गल्लीतली दुसरी एखादी म्हातारी कशी उठते? चार-पाच जणींना नीट बघ आणि वहीत लिही. ती वही आणि प्रशस्तिपत्र बाबांसमोर ठेव, मग बी.एड.चं बोला. काय ठरलं ते मला नक्की कळव.