रीळ आणि कथक: आधी फ्रेम मोजा, मग कापा

प्रश्न असा आहे: बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या घरी सापडलेल्या आठ मिलिमीटरच्या रिळांत सूरसागर तलावावरचं गणेश विसर्जन आहे, ते तीनतालातल्या (सोळा मात्रांचा ताल) कथकाशी जोडून लघुपट करायचाय, पण गर्दी धावल्यासारखी दिसते आणि कट समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, बसत नाहीत. दोन्ही दुखणी फ्रेमच्या वेगाची आहेत.

आधी फिल्मच्या कडेची छिद्रं बघा. मोठं छिद्र दोन चौकटींमधल्या रेषेवर असेल तर साधी आठ मिमी, बहुधा सेकंदाला १६ फ्रेम. छोटं छिद्र चौकटीच्या मध्यावर असेल तर सुपर एट, म्हणजे १९६५ किंवा नंतरची, बहुधा १८. स्कॅन करणाऱ्याला बजावून सांगा: एका फ्रेमची एकच फ्रेम द्या, वेग आम्ही बसवू. जुन्या प्रोजेक्टरवर चालवून बघू नका, आकसलेल्या फिल्मची छिद्रं फाटतात. व्हिनेगरसारखा वास येणारं रीळ वेगळं ठेवा आणि तेच आधी स्कॅनला द्या.

एडिटिंगची टाइमलाइन सेकंदाला २४ फ्रेमची घ्या, २५ ची नको. मिनिटाला १२० मात्रांच्या मध्यलयीत एक मात्रा अर्ध्या सेकंदाची, म्हणजे २४ वर नेमक्या १२ फ्रेम आणि सोळा मात्रांचं आवर्तन १९२ फ्रेमचं. २५ वर साडेबारा येतात, अर्धी फ्रेम कापणार कशी? १६ च्या रिळात मात्रेला ८ मूळ फ्रेम येतात, १८ च्यात ९. १६ चं २४ करताना प्रत्येक दुसरी फ्रेम दोनदा घ्या, १८ चं करताना प्रत्येक तिसरी. किंचित हिसका दिसेल, दिसू द्या. सॉफ्टवेअरला मधल्या फ्रेम रचायला लावलं की बोटं आणि चेहरे वितळतात.

नाच २४ वरच शूट करा, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे दिवे लपलपणार नाहीत. लेहरा, म्हणजे नाचामागे फिरत राहणारी धून, पक्क्या १२० चा, आधी रेकॉर्ड केलेला हवा. प्रत्यक्ष साथीत तिहाईच्या (तीनदा म्हणून समेवर संपणारा तुकडा) आसपास लय चढली तर वरचा सगळा हिशेब कोसळतो. घुंगरांसाठी पायांजवळ वेगळा माइक ठेवा, आणि पाय फ्रेममध्ये हवेतच.

आता कट. समेवर कापूच नका. तिथे नजर नर्तकीच्या ठहरावावर, थांबलेल्या मुद्रेवर, असते आणि तो तिचा हक्काचा क्षण आहे. नवव्या मात्रेला, म्हणजे तालाच्या ‘खाली’वर (टाळीऐवजी हात मोकळा सोडतात ती मात्रा), रिळात शिरा. सोळाव्या मात्रेला नर्तकीवर परत या, म्हणजे सम तिच्या अंगावर पडताना दिसेल. मधे ७ मात्रा, ८४ फ्रेम मिळतात. साध्या आठच्या पन्नास फुटी रिळात सुमारे ४००० फ्रेम असतात, तेव्हा निवडीला भरपूर वाव आहे. तुकडा निवडताना मूर्ती किंवा गर्दी कुठल्या बाजूला सरकतेय ते पाहा, आणि आठव्या मात्रेला नर्तकीचा हात त्याच बाजूला जाणारा हवा. डिझॉल्व्हची, म्हणजे एक दृश्य दुसऱ्यात विरघळवण्याची, गरजच उरत नाही.