करवीर तालुक्यातल्या ४,२०० वस्तीच्या गावात ग्रामपंचायत सदस्य किती? अनुसूचित जातीला जागा किती?

११ सदस्य. १,५०० पर्यंत ७, पुढं दर दीड हजाराला दोन वाढतात, कमाल १७. थेट निवडून येणारा सरपंच यात धरायचा नाही.

घोळ होतो तो लोकसंख्येच्या आकड्यात. पोरं मतदारयादी घेऊन बसतात; धरायची असते जनगणना, म्हणजे अजून २०११ चीच! ऊस तोडायला आलेल्या टोळ्या तर मुळीच मोजायच्या नाहीत.

समजा ४,२०० लोकांत अनुसूचित जातीचे ६३० आहेत. ६३० भागिले ४,२०० गुणिले ११ = १.६५, म्हणजे २ जागा. महिलांना एकूण ६. प्रभाग बहुधा चार पडतील, ३-३-३-२. प्रभागांची प्रारूप (कच्ची) रचना लागली की गल्ली कुठल्या प्रभागात गेली ते बघा आणि हरकत मुदतीतच लेखी द्या, पोच घेऊन.