गोव्यात स्वतंत्रपणे माहितीपट आणि इतिहास संशोधन करून घर चालते का? इतिहासात एम.ए. करू की कॅमेरा घेऊ?

घर चालत नाही. तरी पुढचे वाचा.

पेडण्यात एका आजीचे मी चित्रण केले होते. १९५५ साली भारताने गोव्याची आर्थिक कोंडी केली आणि सीमेवरची पत्रादेवीची वाट बंद झाली. आजीचे सासर अलीकडे, माहेर पलीकडे बांद्याच्या बाजूला. मूल तापाने फणफणले, तेव्हा त्याला पाठीशी बांधून ती रात्री रानातून माहेरी गेली. ती वाट एकदा पायाखालची झाली, मग काय! इथले परदेशी कापड तिकडे, तिकडचा बाजारहाट इकडे. दोन्हीकडच्या पोलिसांना ही हवीच होती, पण ही कधी सापडली नाही. सांगताना हसू आवरत नव्हते तिला. पंखा लावला की माइकात घरघर, बंद केला की आजी घामाघूम. त्यात माइक पदराला लावलेला आणि पदर ती सारखा सावरणार.

हे एका कॉलेजात दाखवले. इतिहासाचे एक प्राध्यापक उठले आणि म्हणाले, "चोरट्या व्यापाराचे किस्से आहेत हे, इतिहास नव्हे. कागद कुठे आहे?" सभागृहात मुले हसली. मी तिथे गप्प बसलो, म्हणून इथे लिहितो.

कागद येणार कुठून, सर? पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत लग्नपत्रिकासुद्धा सेन्सॉरला दाखवून छापावी लागे. पोलिसांच्या दप्तरात नाव लागते ते पकडलेल्याचे. न सापडणे हेच जिचे कसब, तिचा कागद मागायचा म्हणजे ती नव्हतीच असे म्हणायचे. तुमच्या हिशेबाने त्या सीमेवर फक्त बावळट माणसेच राहत होती.

याचा अर्थ कागद नको असा नाही. पणजीचे पुराभिलेखागार १५९५ पासूनचे आहे, मीही तिथे बसतो. पण पोर्तुगीज आणि मोडी वाचता येत नसेल, तर एम.ए. करूनही तुम्ही दुसऱ्याच्या पुस्तकावरून तिसरे पुस्तक लिहाल. आधी या दोन गोष्टी शिका.

पैशाचे म्हणाल तर लग्ने, मुंजी, जत्रा, शाळांची स्नेहसंमेलने. त्यातून माहितीपटाचा खर्च काढायचा. इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव २००४ पासून आपल्या दारात येतो, पण तिथे निवड झाली म्हणून किराणा येत नाही. जुन्या चित्रफिती महाग पडतात. आपल्या कायद्याने चित्रपटाचा हक्क प्रसिद्धीनंतर ६० वर्षांनी संपतो, म्हणजे १९६१ मध्ये प्रदर्शित झालेले २०२२ पासून मोकळे. पण मूळ रीळ ज्याच्या कपाटात, तो प्रतीचे पैसे घेतोच. (हा नियम भारतापुरता आहे. बाहेर दाखवणार असाल तर वकिलाला विचारा.)

आणखी एक राहिले. माझी बायको शिक्षिका आहे. दर महिन्याला येणारा पगार तिचा. हे न सांगता "मनाचे ऐका" म्हणणाऱ्यांवर विश्वास ठेवू नका.

एम.ए. करायचे तर करा, दोन वर्षांनीही होईल. तुमच्या वाड्यावरची नव्वदीतली माणसे तोवर थांबणार नाहीत. या सुट्टीतच बसवा त्यांना. कॅमेरा मोबाइलचा चालेल, पैसे माइकवर घाला.